नरकासुर जाळायची वेळ

परवा दाराच्या फटीतून चिठ्ठी आत पडली. ‘शनिवारी संध्याकाळी सात ते आठ मागच्या अंगणात फटाके लावणार आहोत. कुणाला त्रास होणार असेल तर सांगा, मोठ्या आवाजाचे वगळू.’ खाली फोन नंबर. इथे इंग्लंडमध्ये, स्विंडनला, ५ नोव्हेंबरच्या ‘बॉनफायर नाइट’च्या आसपास फटाके असतातच. पण आमच्या गल्लीत एक माजी सैनिक एकटाच राहतो. चिठ्ठी मुख्यतः त्याच्यासाठी होती.

मला आमचे गोव्यातल्या डिचोलीचे काका आठवले. २ ऑगस्ट १९९० च्या पहाटे इराकी रणगाडे कुवेतमध्ये शिरले, तेव्हा ते तिथे नोकरीला होते. बगदादवरून अम्मानपर्यंत बस, पुढे एअर इंडियाचं विमान. लाखाहून जास्त भारतीय असे परतले, त्यातले कितीतरी पुन्हा आखातात गेले. काका गेले नाहीत. लग्नही राहिलंच. नरक चतुर्दशीच्या पहाटे नरकासुराचा पुतळा पेटला आणि माळा वाजू लागल्या की ते न्हाणीघराला आतून कडी लावतात. बाहेर येतात तेव्हा बनियन घामाने चिंब आणि तांब्या हातात घट्ट धरलेला. वाड्यावर, म्हणजे आमच्या वस्तीत, त्याला ‘काकांचं कुवेत’ म्हणतात. मला त्याचा संताप येतो.

अशा माणसाला अवचित आवाज जास्त छळतो. मन सावरायच्या आत अंग घाबरतं. वेळ आधी कळली तर कानात कापूस घालता येतो, आत्याकडे जाऊन राहता येतं. कायद्याचं म्हणाल, तर रात्री दहा ते सकाळी सहा फटाके नकोत हे सर्वोच्च न्यायालयाने २००५ सालीच सांगितलंय. इथला कायदा उलट दिवाळीला रात्री एकपर्यंत सूट देतो. पण इथे शेजारी आधी विचारतो!

म्हणून इथलं सगळंच चांगलं असं नाही. त्या सैनिकाच्या दारी कुणी ताटली घेऊन गेलेलं मी पाहिलेलं नाही. काकांकडे दिवाळीच्या सकाळी शेजारच्या घरांतून फोव, म्हणजे पोहे, येतात: ताकातले, नारळाच्या रोसातले, गूळ-खोबऱ्याचे. ताप आला तर वाडाच डॉक्टरकडे नेतो. त्या भरवशावर तर मी इथे राहू शकतो.

वाड्यावरच्या पोरांनो, तुम्ही हे वाचता, म्हणून सांगतो. नरकासुर हवा तेवढा उंच करा. फक्त जाळायची वेळ आदल्या संध्याकाळी काकांना घरी जाऊन सांगा, आणि सांगितलेली वेळ पाळा. फोन करू नका, अनोळखी नंबर ते उचलत नाहीत.