जंगलाचा दावा आणि आजीचा जबाब : माझा अनुभव

मी गडचिरोली जिल्ह्यातल्या एका लहानशा गोंड गावाच्या वनहक्क समितीचा सचिव. लिहिता-वाचता येणारं तरुण पोर म्हणून ग्रामसभेनं वही माझ्या हाती दिली.

२००६ च्या वनहक्क कायद्यात शेताच्या तुकड्याचा पट्टा मिळतो, एवढंच गावाला ठाऊक होतं. गावाच्या पारंपरिक हद्दीतलं अख्खं जंगल राखण्याचा, वापरण्याचा हक्कही त्यात आहे, आणि तो आमच्याच जिल्ह्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्येच मिळाला, हे मला शिबिरात कळलं. आमच्याकडे मात्र बिडीसाठी लागणाऱ्या तेंदूच्या ७० पानांचा पुडा बांधायचा आणि ठेकेदार म्हणेल तो भाव घ्यायचा. त्याआधीचे दोन महिने मिरची तोडायला तेलंगणात. जंगल उशाशी असून माणसं गाव सोडत होती, याचा मला फार राग यायचा.

म्हणून आम्ही जंगलाच्या हक्काचा दावा करायचं ठरवलं. त्यासाठीची पहिली ग्रामसभा गणपूर्तीअभावी रद्द झाली. निम्मे प्रौढ हजर लागतात, त्यांत एक तृतीयांश बाया. आणि आम्ही सभा ठेवली ती नेमकी मिरचीच्या दिवसांत! मजूर परतल्यावर पुन्हा घेतली. दावा करायचा तर हंगाम बघून तारखा धरा.

हद्द ठरवायला तीन दिवस लागले. शेजारच्या गावांना आधी निरोप दिला, त्यांची जाणती माणसं सोबत आली. माझ्या हातात जीपीएस होतं, पण वाट दाखवली ती सत्तरीच्या एका आजीनं. कुठल्या नाल्यापाशी शीव वळते, जुनी बोडी (लहान तळं) कुठं होती, देवाची जागा कोणती, कोणत्या मोहाखाली कोणाचं घर वेचायला बसायचं, सगळं तिला पाठ. एका ठिकाणी शेजारगावच्या काकांशी तिचं वाजलं. मग दोघांनी मिळून खडकावरची जुनी खूण शोधली आणि वाद तिथंच मिटला. कायद्यात वडीलधाऱ्यांचा लेखी जबाब हा पुरावाच आहे. मी तिचं बोलणं लिहिलं, वाचून दाखवलं, तिनं अंगठा दिला. जोडीला निस्तार पत्रकाची (गावाच्या जंगलवापराच्या हक्कांची जुनी सरकारी नोंद) नक्कल, नकाशा, ग्रामसभेचा ठराव. किमान दोन पुरावे लागतात, आम्ही त्याहून जास्त कागद लावले.

दावे तपासणाऱ्या उपविभागस्तरीय समितीकडे फाइल गेली आणि सात महिने काहीच नाही. विचारायला गेलो तर तोंडी उत्तर, “पुरावा कमी आहे.” मला ते मोघम उत्तर मान्य नव्हतं. दावा परत पाठवायचा तर कारण लेखी द्यावं लागतं. आम्ही तसा अर्ज दिला आणि आमच्या प्रतीवर पोच घेतली. (पोच न घेता एकही कागद देऊ नका, हे मी प्रत्येक गावाला सांगतो.) लेखी पत्र आलं तेव्हा त्रुटी एकच निघाली, नकाशावर समितीची सही राहिली होती. ती दोन दिवसांत केली.

पुढं जिल्हास्तरीय समितीची मंजुरी यायला वर्ष गेलं. हक्कपत्र ग्रामसभेच्या नावानं आलं. मी ते सभेत मोठ्यानं वाचलं. चतुःसीमेवर आलो तशी आजी उठली, “पोरा, थांब. त्या नाल्याचं नाव चुकलं.”

खरंच चुकलं होतं. दुरुस्तीचा अर्ज दुसऱ्याच दिवशी दिला, पोच घेऊन. त्याच सभेत तेंदूचा लिलाव यंदा ग्रामसभेनं करायचा ठराव झाला, आणि हिशेबाच्या समितीत बायांनी आपली चार नावं दिली.