फळी

काल रात्री पुदोव्किन या रशियन दिग्दर्शकाचा ‘मदर’ पाहिला. १९२६चा, मुका. पाहायचाच होता कधीपासून, पण काल नको होता.

ती बाई वाकून जमिनीची फळी उचलते, तिथंच माझं अडलंय. रात्री अर्धवट झोपेत तिनं पोराला तिथं काहीतरी दडवताना पाहिलेलं असतं. पोलीस दारात उभे. आपण कबूल केलं की पोरगं सुटेल, असं तिला वाटतं. शस्त्रं निघतात आणि तिच्यादेखत पावेलला धरून नेतात. तो पोलीस अधिकारी म्हणे खुद्द पुदोव्किनच झालाय.

आईचं काम करणाऱ्या बारानोव्स्कायाचा तो चेहरा मी तीनदा मागे नेऊन पाहिला.

मी तरी काय वेगळं केलं? ह्यांनी विचारलं, मी खण दाखवला. किल्ली तर त्यांनी मागितलीही नव्हती, मीच पुढे केली. चिनूच्या भल्यासाठी. सकाळपासून हेच घोकतेय, चिनूच्या भल्यासाठी. वन्सं म्हणतात ते... जाऊ दे.

या घरात मी कायम अडकित्त्यातली सुपारी. बोललं तरी चूक, गप्प बसलं तरी चूक. तिचंही तेच. १९०५चा संप, मुलगा संपवाल्यांत, नवरा दारूपायी संप फोडणाऱ्यांत. तो दारूसाठी भिंतीवरच्या घड्याळाचं वजन काढायला जातो, ती पायाला मिठी मारते, अख्खं घड्याळ खाली येतं आणि चाकं जमिनीवर गडगडत जातात. आमचे हे पीत नाहीत, आणि आमच्या घड्याळाला सेल लागतो. एवढं रडगाणं गायलाही घरात तसलं घड्याळ हवं!

पुढे नवऱ्याचं प्रेत घरात, ती उशाशी बसलेली, आणि पाणी थेंब थेंब टपकतंय. आवाज नाही सिनेमाला, तरी मला ऐकू येत होतं. मग लक्षात आलं, आमचाच नळ. दिवाळीपासून वॉशर गेलाय.

शेवटी ती झेंडा घेऊन घोडेस्वारांसमोर उभी राहते. माझ्याच्यानं काल ‘सॉरी’सुद्धा पाठवलं गेलं नाही. दोनदा लिहून पुसलं.

सकाळी चिनूनं खण रिकामा केला. मी किल्ली पुढे केली.

“असू दे तुझ्याकडेच,” म्हणाला.

टोमणा होता का? चहा मात्र पूर्ण प्यायला. प्लंबर चारला येतोय.