तार तुटली, माणूस गेला, आणि पंचनामा कन्नडमध्ये

तुटलेल्या तारेचा करंट बसून घरातलं माणूस गेलं, की पहिल्या दोन दिवसांत जे कागद होतात त्यांवर पुढचा सगळा दावा उभा राहतो. बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, आमच्या गावात हे मी जवळून पाहिलंय. मी मराठी शाळेतली निवृत्त शिक्षिका. कन्नड वाचता येतं, म्हणून अशा वेळी लोक कागद घेऊन माझ्याकडे येतात.

शेजारच्या वहिनीचे मालक भात लावणीच्या दिवसांत पहाटे शेताकडे गेले आणि बांधावर पडलेल्या तारेला त्यांचा पाय लागला. वय 34. मागं वहिनी, दोन लेकरं, म्हातारी आई. ती तार उन्हाळ्यापासून लोंबत होती, वीज कंपनीच्या 1912 या फोन नंबरवर तक्रारही झाली होती.

दिवस झाल्यावर वहिनी पंचनाम्याची नक्कल घेऊन आली. "बाई, यात काय लिवलंय बघा की." त्यात लिहिलं होतं की मयताने निष्काळजीपणाने तारेला स्पर्श केला. खाली आमच्याच गावच्या दोन पंचांच्या सह्या. दोघांनाही कन्नड वाचता येत नाही, वाचून दाखवा असं म्हणायचं त्यांना सुचलं नाही. माझा संताप झाला. अंधारात, पाण्यात पडलेली तार दिसणार कशी?

त्याच दिवशी पोलीस ठाण्यात लेखी अर्ज दिला: तार आधीपासून लोंबत होती, तक्रारीचा नंबर हा, डीपीत फ्यूजच्या जागी जाड तार गुंडाळलेली होती, तिचे फोटो हे. पोच घेतली. ती पोच आज त्या फाइलमधला सगळ्यात मोलाचा कागद आहे.

दुसरा कागद विद्युत निरीक्षकांचा. वीज कायदा 2003 च्या कलम 161 प्रमाणे अशा अपघाताची खबर निरीक्षकांना द्यावीच लागते, नियमात मुदत 24 तासांची आहे. तार का तुटली, देखभाल होती का, हे त्यांच्या चौकशीत येतं. तो अहवाल आपणहून कुणी घरी आणून देत नाही. माहिती अधिकारात मागावा लागतो.

मग मदतीचा चेक येतो. बेंगळुरूत व्हाईटफील्डला नोव्हेंबर 2023 मध्ये फुटपाथवरच्या तारेने आई आणि तान्हं बाळ गेलं, तेव्हा 5 लाख जाहीर झाले होते. असे पैसे जरूर घ्यावेत, घर चालायला हवं. पण "यापुढे आमची काही मागणी नाही" अशा कागदावर सही करू नये. वहिनीपुढेही तसा कागद आला होता. तिने सही केली नाही, याचं मला फार समाधान आहे.

का, ते आकड्यांतच बघा. महिना 12,000 कमाई धरली तर वर्षाचे 1,44,000. मागे चार अवलंबून, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा, उरले 1,08,000. वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने, म्हणजे गुणकाने, याला गुणायचं. वय 34 ला गुणक 16. झाले 17,28,000. हा गुणक सरला वर्मा खटल्यातला, 2009 चा. तो मोटार अपघाताचा खटला असला तरी विजेच्या दाव्यांतही न्यायालयं हाच हिशेब धरतात.

वारा होता, झाड पडलं, वीज चोरायला कुणीतरी तारेवर आकडा टाकला होता, असं वीज कंपनीकडून सांगितलं जातं. 2002 मध्ये शैल कुमारी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने आकड्याची सबब फेटाळली. धोक्याची वस्तू लोकांत चालवणाऱ्याने नुकसान भरून द्यायचं, हलगर्जीपणा वेगळा सिद्ध करण्याची गरज नाही, असं तिथं स्पष्ट आहे. धारवाडला हायकोर्टात थेट रिट, म्हणजे सरकारी यंत्रणेविरुद्धचा अर्ज, टाका असा सल्लाही मिळतो. पण वस्तुस्थितीवरच वाद असेल तर दिवाणी न्यायालयातच जावं लागतं, हे 1999 मध्येच ठरलंय.

मुदत मात्र कुणी सांगत नाही. 1855 च्या प्राणघातक अपघात कायद्याखालचा दावा मृत्यूपासून दोन वर्षांच्या आत दाखल व्हायला हवा. ऑफिसच्या चकरा मारण्यात आणि "साहेब मीटिंगला गेलेत" ऐकण्यात ही दोन वर्षं सहज निघून जातात. वकिलाची फी नाही म्हणून थांबू नका. बाईमाणसाला, कमाई कितीही असो, जिल्हा कायदा सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. बेळगावात कोर्टाच्या आवारात चौकशी करा. वहिनीचा वकील तिथूनच मिळाला. दावा मुदतीत दाखल झालाय, साक्षी व्हायच्या आहेत.

आपल्या भागात कुणाच्या घरी असा प्रसंग आला आणि कन्नड कागद अडला, तर खाली कळवा. मी वाचून मराठीत सांगेन. पंच म्हणून बोलावलं तर आधी वाचून घ्या, मगच सही करा.