बर्फर्डच्या चर्चमधला कैदी

इंग्लंडमधल्या बर्फर्ड गावात लोक येतात ते मधाळ रंगाच्या दगडी घरांचे फोटो काढायला आणि चहासोबत स्कोन खायला. मी गेले ती ख्रिस्तोफर हिलमुळे.

हिल हा सतराव्या शतकातल्या इंग्लंडचा इतिहासकार. ऑक्सफर्डच्या बॅलिओल कॉलेजात त्याची हयात गेली. 1965 ते 1978 तो तिथला प्रमुख होता. 1640 नंतर इंग्लंडात जे झालं ते राजा आणि पार्लमेंटचं नुसतं भांडण नव्हतं, ती क्रांती होती, असं त्याने 1940 साली ठासून मांडलं. तेव्हा तो पक्का कम्युनिस्ट. 1957 मध्ये पक्ष सुटला, विषय मात्र सुटला नाही. 1972 साली आलेल्या ‘द वर्ल्ड टर्न्ड अपसाइड डाउन’मध्ये तो त्या क्रांतीच्या पोटातल्या दुसऱ्या, फसलेल्या क्रांतीकडे वळला. लेव्हलर्स (मताधिकार आणि सगळ्यांना एकच कायदा मागणारे), डिगर्स (पडीक जमीन सगळ्यांची म्हणून कसणारे), रँटर्स (पापपुण्याचे नियम झुगारणारे), सुरुवातीचे क्वेकर (पाद्र्यांशिवाय उपासना करणारे) अशी सगळी हरलेली माणसं त्यात आहेत. माझ्या मते हेच त्याचं सगळ्यात चांगलं पुस्तक. 1940 चा हिल तुम्हाला पटवायला बसलेला असतो, 1972 चा ऐकायला बसलेला.

ऑक्सफर्डपासून बर्फर्ड पश्चिमेला साधारण तीस किलोमीटर. बस वर हमरस्त्याशी सोडते. तिथून हाय स्ट्रीट जो उतरायला लागतो तो थेट विंडरश नदीपर्यंत. चर्च तळाशी, नदीच्या जवळ.

मे 1649. राजा चार्ल्सचं मुंडकं उडवून साडेतीन महिने झालेले. पार्लमेंटच्या फौजेचा पगार थकलेला आणि वर हुकूम, की आयर्लंडला चला. लेव्हलर्सच्या विचारांकडे झुकलेल्या काही पलटणींनी साफ नकार दिला. थकबाकी चुकती करा, सैनिकांचं ऐकून घ्या, मग आयर्लंडचं बघू. फौजेचे सेनापती क्रॉमवेल आणि फेअरफॅक्स दिवसभर घोडे दामटत आले आणि मध्यरात्री बंडवाल्यांना झोपेतच गाठलं. साडेतीनशेच्या आसपास माणसं या चर्चमध्ये कोंडली. 17 मे रोजी कॉर्नेट (घोडदळातला कनिष्ठ अधिकारी) थॉम्पसन, कॉर्पोरल पर्किन्स आणि चर्च नावाचा साधा शिपाई यांना बाहेर आवारात गोळ्या घातल्या. बाकीच्यांना छपरावर उभं करून ते बघायला लावलं. गोळ्या घालायचा चौथा होता डेन. त्याने पश्चात्ताप दाखवला, जीव वाचवला आणि उरलेल्या कैद्यांना उपदेशही केला!

आत बाप्तिस्म्याचं दगडी कुंड आहे. त्याच्या शिशाच्या काठावर एका कैद्याने नाव कोरलंय: अँथनी सेडली, 1649, प्रिझनर. स्पेलिंगमधला ओ गाळलेला. मी सरळ अंगाने बघत होते, काही दिसेना. तिथल्या एका आजोबांनी ‘इकडून, उजेडाकडे तोंड करून बघा’ म्हणून सांगितलं, तेव्हा अक्षरं उमटली. ओबडधोबड आहेत, पण घाईची नाहीत. वेळ भरपूर होता त्याच्याकडे.

याच चर्चमध्ये विल्यम लेंथॉलही पुरलेला आहे, पार्लमेंटचा सभापती. जानेवारी 1642 मध्ये चार्ल्स राजा पाच सभासदांना पकडायला सभागृहात घुसला, तेव्हा ‘सभागृह सांगेल तेवढंच मी बघणार आणि बोलणार’ असं गुडघे टेकून त्याला सुनावणारा तो हाच. बर्फर्डचा वाडा त्याचाच. राजाला अडवणारा आणि राजाला अडवणाऱ्यांशी भांडणारे, एकाच छपराखाली. हिलच्या दोन्ही क्रांत्या इथे हाकेच्या अंतरावर सापडतात.

हिलवर 1975 साली हेक्स्टर या अमेरिकन इतिहासकाराने कडक टीका केली: हा आपल्या सिद्धांताला सोयीची तेवढीच अवतरणं वेचतो. त्यात तथ्य आहे. हिलचा भर जवळजवळ सगळा छापील मजकुरावर. थॉमसन नावाच्या लंडनच्या पुस्तकविक्रेत्याने 1640 नंतरच्या वीस वर्षांत बावीस हजारांवर पत्रकं आणि पुस्तिका जमवल्या, त्या आज ब्रिटिश लायब्ररीत आहेत. अशा खजिन्यात बसलेल्याला बोलकी माणसंच जास्त भेटणार. सेडलीने पत्रक छापलं नाही. त्याला मताधिकार हवा होता, की नुसता तुंबलेला पगार, की आयर्लंडला जायचंच नव्हतं, हे शिशावरून कळत नाही. बहुधा तिन्ही, आणि पगार सगळ्यात आधी. उरलेली फौज ऑगस्टमध्ये डब्लिनला उतरली आणि सप्टेंबरात आयर्लंडमधल्याच ड्रोहेडा शहरात तिने कत्तल केली. बर्फर्डचं बंड मोडण्याची घाई कशासाठी होती, ते तिथे दिसतं.

तरीही गोळ्या घातलेल्या त्या तिघांची नावं आज चर्चच्या भिंतीवर पाटीवर आहेत आणि 1975 पासून दर मे महिन्यात इथे लेव्हलर्स डे भरतो, मिरवणूक-भाषणांसह. त्याचं बरंचसं श्रेय हिलच्या पिढीच्या इतिहासकारांना द्यावं लागेल.

पुढचा बेत सरे परगण्यातल्या सेंट जॉर्जेस हिलचा. एप्रिल 1649 मध्ये जेरार्ड विन्स्टन्ली आणि त्याच्या डिगर्सनी ‘जमीन सगळ्यांची’ म्हणत तिथली पडीक जमीन खणून गाजरं-पावटे लावले होते. आता तिथे कोट्यधीशांची वसाहत, गोल्फ आणि टेनिस क्लब आहे आणि फाटकावर पहारा. विन्स्टन्लीचा स्मारकदगड वेब्रिज स्टेशनजवळ आहे, तिथवर मात्र कोणालाही जाता येतं.