टाकायचे राहून गेलेले

दुपारी कपाट आवरायला घेतले आणि तासाभराने लक्षात आले की, एकही वस्तू टाकली गेलेली नाही. वरच्या खणातल्या वस्तू फक्त खालच्या खणात गेल्या आहेत. हातात उरली ती दोऱ्याची गुंडाळी. आई पार्सलाच्या दोऱ्याला कधी कात्री लावू देत नसे. गाठ नखाने सोडवायची, तुकड्याला तुकडा जोडायचा आणि गुंडाळी वाढवायची, हे काम आम्हा भावंडांचे. जुन्या सदऱ्यांची बटणे ती एका पत्र्याच्या डब्यात टाकत असे. त्या डब्यात कोपरापर्यंत हात घालून खळखळ ऐकणे हा माझा उद्योग होता. चार सारखी बटणे मात्र त्यात कधीही सापडली नाहीत.

अशा वेळी मला बीजिंगचा कलावंत सोंग दोंग आठवतो. २००२ मध्ये वडील गेल्यावर त्याच्या आईने, झाओ श्यांग्युआनने, घर वस्तूंनी भरून टाकले. ते आवरण्यावरून व्हायचे तेवढे वाद झाले आणि मग त्याने आईलाच सोबत घेऊन २००५ मध्ये त्या पसाऱ्याचे मांडणशिल्प केले. मधोमध जुन्या घराचा लाकडी सांगाडा आणि भोवती जमिनीवर दहा हजारांहून अधिक वस्तू: टूथपेस्टच्या पिळून चपट्या झालेल्या नळ्या, बाटल्यांची झाकणे, घमेली, जोडे, सगळे जातवारीने लावलेले. प्रेक्षक त्यांच्यामधल्या वाटांनी चालतो, म्हणजे एका बाईच्या काळजीतूनच चालतो. त्यात साबणाच्या वड्या आहेत. साबण मोजूनमापून मिळे, त्या काळात मुलांना पुढे कमी पडू नये म्हणून तिने त्या राखून ठेवल्या आणि मुलाच्या लग्नात त्याला दिल्या. तोवर त्याच्याकडे कपडे धुण्याचे यंत्र आले होते.

‘टाकाऊतून टिकाऊ’ हा शब्दप्रयोग अशा कलेला चिकटवला की मला उगीचच राग येतो. बाटलीची फुलदाणी केली की बाटली संपली. घानाचा शिल्पकार एल अनात्सुई बाटल्यांची ॲल्युमिनियमची बुचे तांब्याच्या तारेने जोडून भिंतभर वस्त्रे उभी करतो. ती लांबून राजवस्त्रे दिसतात आणि जवळ गेल्यावर पुन्हा बुचे होतात, म्हणून मला आवडतात. सोंग दोंगने तर एवढेही केले नाही. नळी नळीच राहिली. तिच्याकडे पाहायला आपल्याला वाकावे लागते, एवढाच काय तो फरक.

प्रदर्शनात वर निऑनच्या अक्षरांत वडिलांसाठी निरोप होता: काळजी करू नका, आई आणि आम्ही सारे ठीक आहोत. २००९ मध्ये आईही गेली. त्यानंतरही मुलांनी त्या वस्तू ठिकठिकाणी पुन्हा मांडल्या.

दोऱ्याची गुंडाळी मी परत खणात ठेवली आहे. बटणांचा डबा मात्र आईचे घर रिकामे करायच्या घाईत मीच टाकला, झाकण उघडूनसुद्धा न पाहता.