अठ्ठेचाळीस तास

मे २०१९ मध्ये मी गोदावरीकाठच्या एका तहसील कार्यालयात अव्वल कारकून होतो आणि गौण खनिजाचे, म्हणजे वाळू-मुरूम यांसारख्या खनिजांचे, टेबल माझ्याकडे होते. दुष्काळाचे वर्ष होते. पात्र कोरडे पडले होते आणि काठच्या गावांतल्या बायका वाळूत झिरे खोदून वाटीवाटीने पाणी भरत होत्या. त्याच झिऱ्यांच्या जवळून रात्री वाळू उचलली जात असल्याची तक्रार गावकऱ्यांनी केल्यामुळे, दुसऱ्या शनिवारच्या आदल्या रात्री साडेअकराच्या सुमारास मंडळ अधिकारी आणि तलाठी यांनी नदीच्या उतारावर वाळूने भरलेली ट्रॉली आणि ट्रॅक्टर पकडला. चालकाकडे वाहतूक पास नव्हता. पंचनामा तिथेच, मोबाइलच्या उजेडात लिहिला गेला. तहसीलदार मॅडम त्या वेळी चारा छावणीच्या तपासणीसाठी तालुक्याच्या दुसऱ्या टोकाला होत्या.

शनिवार-रविवार ट्रॅक्टर कार्यालयाच्या आवारात उभा राहिला. सोमवारी सकाळी मी प्रकरण तयार करून प्रांत कार्यालयात, म्हणजे उपजिल्हाधिकारी दर्जाच्या उपविभागीय अधिकाऱ्यांकडे गेलो, तेव्हा ते पक्के आहे अशी माझी खात्री होती. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) खाली वाळूच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. वाहनासाठी कलम ४८(८) वेगळे आहे आणि जानेवारी २०१८ मध्ये दुरुस्त झालेल्या नियमांप्रमाणे ट्रॅक्टरला १ लाख रुपये भरावे लागतात. शिवाय हे वाहन पुन्हा अशा कामाला वापरणार नाही असे बंधपत्र मालकाने द्यायचे असते.

मालकाच्या वकिलांनी वाळूबद्दल एक शब्दही काढला नाही. त्यांनी फक्त पंचनाम्यावरील सह्या वाचून दाखवल्या आणि वाहन जप्त कोणी केले, एवढेच विचारले. कायद्याप्रमाणे जप्तीचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदारापेक्षा खालच्या दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याला आहे, आणि आमच्या पंचनाम्यावर तहसीलदारांची सही कुठेच नव्हती. दुसरा प्रश्न अधिक जिव्हारी लागला. जप्त वाहन अठ्ठेचाळीस तासांच्या आत उपजिल्हाधिकारी दर्जाच्या प्राधिकृत अधिकाऱ्यासमोर हजर करायचे असते. ती मुदत रविवारी रात्री साडेअकराला संपली होती. सुट्टी होती, हे माझे उत्तर मलाच अपुरे वाटले, कारण संहितेने दिवस मोजलेले नाहीत, तास मोजलेले आहेत.

प्रांत साहेबांनी पंचनामा दोनदा वाचला. वाळू किती, या रकान्यात 'अंदाजे १ ब्रास' असे लिहिले होते. ट्रॉलीची लांबी, रुंदी आणि भराव यांचे माप नव्हते, तर १०० घनफुटांचा ब्रास कोणत्या आधारावर काढला हे मलाही सांगता आले नाही. वाहनाची जप्ती अधिकारबाह्य ठरवून त्यांनी ट्रॅक्टर परत देण्याचा आदेश दिला. मात्र विनापरवाना वाळू काढल्याबद्दलची कलम ४८(७) ची कारवाई, मोजमाप करून आणि रीतसर नोटीस देऊन, स्वतंत्रपणे चालवावी असे त्याच आदेशात नमूद केले. कायद्याच्या दृष्टीने तो आदेश मला तेव्हाही योग्य वाटला आणि आजही वाटतो. तरीही परतीच्या वाटेवर मला ते झिरेच दिसत होते.

आवारात लिंबाखाली आणखी पाच-सहा वाहने उभी होती, टायर बसलेली, काही तर दोन वर्षांपासूनची. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने जप्त वाहने पोलीस ठाण्यांत दीर्घकाळ सडू देऊ नयेत, छायाचित्रे आणि हमी घेऊन ती सोडावीत, असे सांगितले आहे. ते पोलिसांच्या ताब्यातील वाहनांबद्दल असले, तरी महसूल खात्याच्या आवारातही लोखंड तसेच गंजते. कागद वेळेत पुढे न गेल्याने वाहन अडकून पडते, नाही तर त्या दिवसासारखे विनाअट सुटते. दोन्हींमुळे नदीचे काहीच राखले जात नाही.

ट्रॅक्टरचे मालक सत्तरीचे शेतकरी होते. "भाऊसाहेब, ट्रॅक्टर पुतण्याला माती वाहायला दिला होता," एवढेच ते पुन्हा पुन्हा सांगत राहिले. त्यांचे खरे-खोटे मला ठरवायचे नव्हते. ट्रॉली आवारात रिकामी करण्यापूर्वी मी तलाठ्यांना टेप आणायला लावली, दोन पंचांसमोर तिन्ही मापे घेतली, छायाचित्रे काढली आणि ढिगाऱ्याचा नवा पंचनामा वेळेसह लिहिला. मॅडमनी संध्याकाळी सहा वाजता नोटिशीवर सही केली. फाटकाबाहेर निघालेला ट्रॅक्टर थांबवून मी ती मालकांच्या हातात दिली आणि पोच घेतली.