केळी नव्हे, केयी

आज प्रबंधाच्या तिसऱ्या प्रकरणावर मावशीआजीनं नाक मुरडलं.

'बहिणाबाई चौधरींची बोली अहिराणी' असं मी बिनधास्त लिहिलं होतं. लहानपणापासून तेच कानावर. यावलला गेले होते, सहज वाचून दाखवलं. आजी म्हणाली, "अहिरानी तिकडे धुयाकडची. आपली लेवा." विषय संपला!

गोंधळ कशानं होतो ते मग कळलं. अहिराणी आणि लेवा, दोन्ही बोलींत 'ळ'चा 'य' होतो. डोळे डोये, केळी केयी. बाहेरच्याला तेवढंच ऐकू येतं. पण अहिराणीत 'माझा भाऊ' म्हणजे 'मना भाऊ', आणि आजीच्या तोंडी 'मना' मी जन्मात ऐकलेलं नाही. कान होते, वापरले नाहीत, दुसरं काय.

बहिणाबाईंना अक्षरओळख नव्हती. घरच्यांनी, त्यांच्या मुलानं म्हणजे सोपानदेवांनी टिपलेल्या ओळी त्या गेल्यावर, १९५२ साली पुस्तकरूपात आल्या. म्हणजे ही कविता आधी कानांची, मग कागदाची. आणि मी सहा महिने फक्त कागद चाळत बसले.

प्रकरण पुन्हा लिहायला घेतेय. मार्गदर्शक बाई ओरडणार. आजीनं सोबत केयीचे वेफर बांधून दिलेत, ते मात्र जळगाव यायच्या आतच संपले.